चौथ्या मजल्यावरचा टू बीएचके, दोन उन्हाळे काढून झाल्यावर

फ्लॅटचा रिव्ह्यू कोणी लिहीत नाही भो. मिक्सरचा लिहितात, ढाब्यावरच्या शेवभाजीचा लिहितात, दोनशे रुपयाच्या चार्जरला फोटो टाकून टाकून एक स्टार देतात, आणि ३१ लाखाची वस्तू घेतली की सगळे चिडीचूप, कारण उद्या विकायची असते आणि गिऱ्हाईक वाचेल ही भीती. मला काही इतक्यात विकायचा नाही, लोन अजून १७ वर्षं आहे, म्हणून लिहून टाकतो.

वस्तू अशी. जळगाव, शहर संपून कपाशी सुरू होते तिथली बिल्डिंग, खाली पार्किंग वर चार मजले, एकूण १६ फ्लॅट, मी चौथ्यावर म्हणजे डोक्यावर डायरेक्ट स्लॅब. रेरा कार्पेट, म्हणजे रेरा या घरखरेदीच्या कायद्याप्रमाणे मोजलेली आतली वापरायची जागा, ५९८ स्क्वेअर फूट. २०२१ ला बुक केला, २०२३ च्या जानेवारीत ताबा. बिल्डरचं नाव विचारू नका, सांगून उपयोग पण नाही, कारण त्याच्या शेजारच्याने आणि त्याच्याही पुढच्याने डिट्टो हाच फ्लॅट बांधलाय, फक्त गेटचा कलर वेगळा.

आधी चांगलं सांगतो म्हणजे कोणी म्हणायला नको की नुसतं रडगाणं लावलंय. कागदपत्रं एकदम क्लिअर. आमच्या नानांनी १९९० च्या आसपास प्लॉट घेतला होता तेव्हा सातबारा, बिगरशेतीची (एनए) ऑर्डर, लेआउटचा नकाशा यासाठी तलाठी ते तहसील अशा किती चकरा मारल्या ते त्यांचं त्यांना माहीत, मी मात्र घरी बसून महारेराच्या साइटवर मंजूर नकाशा डाउनलोड केला. १ मे २०१७ पासून ही रेराची भानगड सुरू झाली, ५०० स्क्वेअर मीटरच्या वरची जमीन आणि आठपेक्षा जास्त फ्लॅट असले की नोंदणी करावीच लागते आणि गिऱ्हाइकाकडून आलेल्या पैशातले ७० टक्के वेगळ्या खात्यात ठेवावे लागतात, ते त्याच प्रोजेक्टला लावायचे. ताबा दिल्यापासून पाच वर्षं बांधकामातल्या दोषाची जबाबदारी पण बिल्डरवर. पहिल्या पावसाळ्यात बाथरूमच्या मागच्या भिंतीला ओल आली, दोन फोन केले तर "बघतो भाऊ", "पाठवतो भाऊ". मग व्हॉट्सअपवर फोटोखाली फक्त "रेरा कलम १४" एवढं लिहून पाठवलं, चौथ्या दिवशी मिस्त्री हजर. ह्या एका गोष्टीला पाचपैकी पाच.

पैशाचं पण नीट जमलं. फ्लॅट बायकोच्या एकटीच्या नावावर घेतला, त्यामुळे स्टॅम्प ड्युटीत १ टक्का वाचला, नोंदणी फी जास्तीत जास्त ३० हजार तेवढी लागली. प्रधानमंत्री आवास योजनेची व्याजाची सबसिडी बसली, २ लाख ६७ हजार. जीएसटी फक्त १ टक्का, कारण ४५ लाखाच्या आतला आणि आपल्यासारख्या गावात ९० स्क्वेअर मीटरच्या आतला असला की परवडणारं घर धरतात. मी खुशीत होतो. ताबा मिळून सामान लावायला घेतलं तेव्हा कपाट काही बसेना, सेल्सवाल्या पोराला म्हणलं यार अजून पन्नास फूट द्यायचे होते, पैसे दिले असते मी, तर म्हणतो "साहेब तुमची सबसिडी गेली असती ना, तुमच्या उत्पन्न गटाला कार्पेट ६० मीटरच्या आत पाहिजे, म्हणून तर सगळे ६० च्या आत बसवलेत." ६० स्क्वेअर मीटर म्हणजे ६४५ स्क्वेअर फूट. म्हणजे माझ्या बेडरूमची भिंत कुठे यायची हे आर्किटेक्टच्या आधी दिल्लीच्या एका तक्त्यात ठरून गेलेलं होतं. तेव्हापासून मला सवय लागली, घरातली कोणतीही गोष्ट खटकली की हे कुठल्या नियमातून आलं असेल ते शोधत बसायची. बायको म्हणते त्यापेक्षा कपाट विका.

आता मेन मुद्दा, कूलर.

जळगावात मे महिन्यात ४४-४५ म्हणजे बातमी नसते. मार्च संपला की गल्लोगल्ली एकच काम चालतं, माळ्यावरून कूलर काढायचा, जुनं गवत फेकायचं, नवीन गवताच्या ताट्या बसवायच्या, पंप घासायचा, खिडकीबाहेर लोखंडी स्टँड ठोकायचा आणि कूलर खिडकीत बसवायचा. ही काही चैन नाही, नाहीतर झोपच लागत नाही. आता माझ्या हॉलची खिडकी म्हणजे तीन ट्रॅकची अल्युमिनियमची स्लायडिंग. कितीही सरकवा, एका वेळेस दीड फुटाच्या आसपासच उघडते. कूलर दोन फुटाचा. पहिल्या उन्हाळ्यात मी आणि शेजारचे पाटीलभाऊ दोन तास कूलर आडवा उभा तिरपा करून बघत होतो, शेवटी एक काच पूर्ण काढून भिंतीला टेकवून ठेवली आणि उरलेल्या फटीत पुठ्ठा आणि सिमेंटची गोणी कोंबली. ३१ लाखाच्या फ्लॅटला बाहेरून गोणी लटकलेली, व्हॉट्सअप ग्रुपवर मेसेज की बिल्डिंगचा लूक खराब होतोय. दहा दिवसांनी मेसेज टाकणाऱ्याच्या खिडकीत पण गोणी.

बरं एवढं करून कूलर लागला तरी गार वाटत नाही, कारण कूलरचं गणित असं की एका बाजूने ओली हवा आत आली तर दुसऱ्या बाजूने ती बाहेर जायला वाट पाहिजे, नाहीतर घरात नुसती चिकचिक होते. माझ्याकडे दुसरी बाजूच नाही. मजल्यावर चार फ्लॅट पाठीला पाठ लावून, मागच्या बेडरूमची आणि किचनची खिडकी डक्टमध्ये, म्हणजे बिल्डिंगच्या मधल्या अरुंद पोकळीत उघडते, आणि डक्टमध्ये बाकीच्या घरांचे एसीचे डबे गरम हवा सोडत बसलेत. म्हणजे ज्याने एसी लावला तो सुखी, ज्याने नाही लावला त्याच्या किचनमध्ये त्याची वाफ. शेवटी दुसऱ्या उन्हाळ्यात मी पण लावला, काय करणार.

माय गावाहून आली होती, पारोळ्याकडचं आमचं गाव, तिथलं घर धाब्याचं, भिंती दीड हात जाड मातीच्या, दुपारी आतल्या खोलीत गोधडी घ्यावीशी वाटते. इथे तिसऱ्या दिवशी दुपारी पदराने वारा घेत हॉलमध्ये बसली आणि म्हणते, "आठे वारा येस नही. हाई घर शे का डबा?" (इथे वारा येत नाही, हे घर आहे का डबा?) रिव्ह्यू खरं म्हणजे इथेच संपतो, पण मला कारण सांगितल्याशिवाय राहवत नाही.

हा फ्लॅट जळगावचा नाहीच मुळात. हा मुंबईचा फ्लॅट आहे, उचलून इथे ठेवलाय. मी ९ वर्षं डोंबिवलीत भाड्याने काढली म्हणून पाहिल्या पाहिल्या ओळखीचा वाटला आणि मूर्खासारखा त्याच गोष्टीवर भुललो पण. मुंबईत घर असं का झालं त्याला कारणं आहेत. १९४७ च्या भाडे कायद्याने भाडी १९४० च्या पातळीला बांधून टाकली, हेतू चांगला होता, युद्धानंतरची टंचाई होती, पण तो कायदा वाढत वाढत पन्नास वर्षं चालला, तेवढ्या भाड्यात मालकाला दुरुस्ती परवडेना आणि भाड्याने द्यायला नवीन घर बांधायला कोणी तयार होईना, मग चाळी मोडकळीला आल्या आणि पागडी आली, म्हणजे भाड्याचं घर मिळवायला वरून मोजायची रोख रक्कम. १९७६ ला जमीन कमाल धारणा कायदा आला, मुंबईत ५०० मीटरच्या वरची मोकळी जागा सरकार घेणार आणि गरिबांना घरं देणार असं होतं, प्रत्यक्षात जमीन कोर्टात आणि फायलीत अडकून पडली, महाराष्ट्राने तो कायदा २००७ ला काढला. त्यात तीन बाजूंनी पाणी. आणि त्याच्यावर एफएसआय, म्हणजे प्लॉटच्या किती पट बांधायचं ते, १९९१ च्या नियमात शहरात १.३३ आणि उपनगरात १. म्हणजे हजार मीटरच्या प्लॉटवर उपनगरात हजार मीटरच बांधायचं. जागा कमी, बांधायची परवानगी त्याहून कमी, मग एकेक फूट सोन्याचा.

आता फूट सोन्याचा झाला की माणूस काय करतो ते बघा. माझा मावसभाऊ कांदिवलीला २००८ च्या बिल्डिंगमध्ये राहतो. त्याच्या हॉलच्या खिडकीबाहेर फ्लॉवरबेड आहे, म्हणजे नकाशात फ्लॉवरबेड, मी त्यात आयुष्यात फूल बघितलेलं नाही, लादी टाकून आत घेतलाय आणि वर सोफा आहे. कारण तेव्हा फ्लॉवरबेड, बंद केलेली बाल्कनी, पोकळ्या अशा गोष्टी एफएसआयमध्ये मोजत नव्हते. बिल्डर त्या फुकटात बांधायचे आणि गिऱ्हाइकाला विकायचे. जानेवारी २०१२ ला मुंबईत नियम बदलला, आता सगळं मोजायचं, त्याच्या बदल्यात प्रीमियम भरून घरांना ३५ टक्के जादा फंजिबल एफएसआय. ठीक आहे, मुंबईत चोरी होत होती, मुंबईत कुलूप लावलं.

पण २ डिसेंबर २०२० ला मुंबई आणि काही थोडे भाग सोडून अख्ख्या महाराष्ट्राला एकच नियमावली आली, यूडीसीपीआर. तिच्यात हीच आयडिया, बाल्कनी, जिना, लिफ्ट सगळं मोजायचं आणि त्यासाठी घरांना ६० टक्क्यांपर्यंत जादा एफएसआय पैसे भरून घ्यायचा. नियमावली वाईट आहे असं म्हणत नाही मी, आधी प्रत्येक गावाचा वेगळा कायदा आणि त्यात पळवाटा, आता १५० मीटरपर्यंतच्या प्लॉटवर साधं घर बांधायला परवानगीसाठी हेलपाटे नाहीत, हे चांगलंच आहे. पण माझ्या बिल्डरने हिशोब काय केला, बाल्कनीचा फूट न फूट आता मोजला जाणार आणि वर पैसे भरायचे, आणि रेराच्या कार्पेटमध्ये बाल्कनी धरतच नाहीत म्हणजे जाहिरातीतला आकडा पण वाढत नाही. मग कोण देईल बाल्कनी? मला दिली ती ड्राय बाल्कनी, तीन बाय सहा, वॉशिंग मशीन ठेवलं की माणसाने आडवं होऊन आत जायचं. कांदिवलीच्या फ्लॉवरबेडमध्ये मावसभावाचा सोफा बसला आणि त्याची किंमत जळगावात माझ्या बाल्कनीने भरली असं मी त्याला फोनवर सांगितलं, तो म्हणे तू जास्त वाचायला लागलास.

आणि गंमत म्हणजे इथे जागेची टंचाई आहेच कुठे. माझ्या खिडकीतून मोजा, बांधलेलं एक घर की पुढे चार-पाच प्लॉट रिकामे, काटेरी बाभूळ माजलेली, कोपऱ्यात मालकाच्या नावाची पाटी आणि तारेचं कुंपण. प्लॉट म्हणजे आपल्याकडे सोन्याची बिस्किटं, पोरीच्या लग्नाला ठेवलेली, बांधायला कोणी घेत नाही. त्यामुळे भाव चढलेला, माझ्यासारख्याला प्लॉट परवडत नाही म्हणून मी चौथ्या मजल्यावर, आणि खाली बाभळी राहतात तळमजल्याला. महानगरपालिकेची पाइपलाइन, गटार, लाइटचे खांब त्या सगळ्या बाभळींच्या समोरून जाऊन मग आमच्यापर्यंत येणार. वाघूर धरणातून पाणी येतं, नळाला रोज येत नाही, बोअर मार्चनंतर गुळण्या टाकतो, टँकर मागवतो. कूलर दिवसाला चार-पाच बादल्या पितो हे ब्रोशरमध्ये कुठेही नव्हतं.

रस्त्याचं पण एक ऐका. ब्रोशरमध्ये "१८ मीटर डीपी रोड टच", म्हणजे विकास आराखड्यातला रस्ता बिल्डिंगला लागून. रोड आहे, नकाशावर आहे, बिल्डिंगच्या कोपऱ्यापर्यंत डांबर आणि पुढे कपाशी. विकास आराखड्यात रेघ मारली म्हणजे रस्ता होत नाही, जमीन ताब्यात घ्यायला पैसे लागतात, आणि नगररचनेचा एमआरटीपी कायदा १९६६ चा, त्याच्या कलम १२७ प्रमाणे दहा वर्षांत घेतली नाही तर मालक नोटीस देऊन आरक्षण उठवायला मोकळा. शेतकऱ्याचं पण काय चुकतं, त्याने त्या रेघेवर कपाशी लावली, मी पण हेच केलं असतं. पावसाळ्यात गाडी पार्किंगपर्यंत येताना काळ्या मातीत जी बसते ती ढकलायला त्याचाच सालदार येतो.

गच्ची. ह्यावर मी मुद्दाम वेळ घेणार आहे कारण फ्लॅट बघताना कोणीच विचारत नाही, मी पण विचारलं नव्हतं. खान्देशात उन्हाळा म्हणजे बिबडे, पापड, कुरडया. ज्वारी भिजवायची, शिजवायची, बायका पहाटे पाचला जमतात, कापडावर थापायचे आणि दोन दिवस कडक उन्हात वाळवायचे. आमच्या गच्चीला कुलूप. चावी सेक्रेटरीकडे, कारण वर सोलर आणि टाक्या आहेत आणि "पोरं टाकीत काहीतरी टाकतात". पहिल्या वर्षी मायने बिबड्यांचं पीठ शिजवून ठेवलं आणि सेक्रेटरी भुसावळला लग्नाला गेलेले. पीठ थांबत नाही ना भो. शेवटी पार्किंगमध्ये दोन मोटरसायकली बाजूला घेऊन सावलीत पंख्याखाली वाळवले, वास आला, अर्धे गायीला. रात्रीचं गच्चीवर झोपणं तर विसराच, नानांच्या घरी आम्ही एप्रिल ते जून घरात झोपलोच नाही कधी, संध्याकाळी गच्चीवर पाणी मारायचं आणि नऊला अंथरुणं. कायद्याने गच्ची सोसायटीच्या सगळ्यांची, पण सोसायटी नोंदणी व्हायची आहे, कन्व्हेयन्स, म्हणजे जमीन-बिल्डिंग सोसायटीच्या नावावर व्हायची आहे, तोवर चावीवाला राजा. तीन मीटिंगा घेतल्या, आता १५ एप्रिल ते १५ मे सकाळी चावी मिळते, वहीत सही करून. ही माझी सोसायटीतली एकमेव कामगिरी.

आणि ते "ग्रीन गार्डन विथ सीनियर सिटिझन कट्टा". ही अ‍ॅमेनिटी बिल्डरने दिलेली नाही बरं का, ०.४ हेक्टरच्या वरचा लेआउट असला की १० टक्के ओपन स्पेस कायद्यानेच सोडावी लागते. तीच आपली ओपन स्पेस, जळगावच्या हरेक कॉलनीत असते आणि हरेक ओपन स्पेसमध्ये आधी एक मारुती किंवा महादेव येतो, मग पेव्हर ब्लॉक, मग आमदार निधीची पाटी. नावं नाही ठेवत, संध्याकाळी वारा खायला मी तिथेच जातो, सगळ्या बिल्डिंगी तिथेच येतात, कारण ओटा आता कुठल्याच घराला नाही, ओट्याच्या जागी गाड्या उभ्या आहेत. माय गावाला परत गेली त्यात गरमीपेक्षा ओट्याचं कारण मोठं होतं असं मला वाटतं, दिवसभर कोणी तिच्याशी बोलायला नव्हतं.

असं नाही की दुसरं काही जमतच नाही. बहीण धुळ्यात दिली आहे, जुन्या धुळ्यात गल्ल्यांना नंबर आहेत, १८१९ ला इंग्रजांच्या कॅप्टन ब्रिग्जने तिथे ठाणं केलं आणि पेठ सरळ रेषेत आखली, दोनशे वर्षांनी पण गल्लीच्या ह्या टोकाला उभं राहिलं तर त्या टोकापर्यंत दिसतं आणि संध्याकाळी वारा आरपार जातो, रिक्षावाल्याला नंबर सांगितला की झालं. आणि खुद्द मुंबईच्या शेजारी, नवी मुंबईत सिडकोच्या बेलापूरला आर्किटेक्ट चार्ल्स कोरियांनी ऐंशीच्या दशकात आर्टिस्ट व्हिलेज केलं, ४५ ते ७५ मीटरचे छोटे छोटे प्लॉट, सात घरांमध्ये एक चौक, शेजाऱ्याची भिंत सामाईक नाही म्हणजे पैसे आले की ज्याने त्याने आपलं घर वाढवावं. डोंबिवलीला असताना एकदा बघून आलो, मूळ कौलारू घरं आता थोडीच राहिलीत, लोकांनी पाडून मोठी बांधली, पण चौक शाबूत आहेत आणि चौकात पोरं खेळत होती. ४५ मीटर म्हणजे माझ्या फ्लॅटपेक्षा लहान प्लॉट. मुंबईजवळ एवढ्याशा जागेत माणसाला जमीन आणि आभाळ दोन्ही मिळतं आणि कपाशीच्या शेतात बसून मला दोन्ही नाही, ही गोष्ट मला रात्री एसी बंद झाला की हटकून आठवते.

स्टार द्यायचेत तर कागदपत्रांना पाच, बांधकामाला साडेतीन, पाण्याला दोन, खिडक्यांना अर्धा, तो पण काच काढता येते म्हणून. पूर्वेच्या बाजूचा पहिला किंवा दुसरा मजला मिळाला तर विचार करा, पश्चिमेचा चौथा फुकट दिला तरी नको. मंजूर नकाशात दोन गोष्टी बघा, प्रत्येक खोलीची खिडकी नक्की कशात उघडते, आणि गच्ची कॉमन दाखवली आहे की कोणाला जोडून दिली आहे. बिल्डरला सांगून एक खिडकी स्लायडिंगऐवजी उघडणाऱ्या झडपांची करून घ्या, ताब्याच्या आधी सांगितलं तर करतात, पाटीलभाऊंच्या मेव्हण्याने करून घेतली.

बी विंगचं बुकिंग सुरू आहे, बरेच जण फोन करून मला विचारतात कसा आहे. सेल्सवाले फ्लॅट दाखवायला संध्याकाळी सहाला बोलावतात. तुम्ही मे महिन्यात दुपारी दोनला या, माझ्याकडे बसा, ताक देतो.